राज्य आलं की पळणारे

ऑनलाइन सामना अर्धवट सोडायला गेलं की स्क्रीनवर एक चौकट उघडते. शब्द प्रत्येक खेळात थोडे वेगळे, आशय एकच: आता गेलात तर शिक्षा होईल, नक्की जायचंय? खाली दोन बटणं. आपण ती चौकट वाचत नाही, नुसती दाबतो. खेळांबद्दल लिहिणारेही नकाशे, बंदुका, ग्राफिक्स यांवर पानं भरतात आणि या दोन ओळींना हात लावत नाहीत. मला वाटतं, टीमचा खेळ पारखायचा असेल तर सुरुवात इथूनच करावी. खेळ आपल्या खेळाडूला काय समजतो, हे त्या दोन ओळींत उघड होतं.

काउंटर-स्ट्राइकचा दंड सगळ्यात सरळ. स्पर्धात्मक सामना सोडलात की पहिल्यांदा ३० मिनिटं बाहेर. पुन्हा सोडलात तर २ तास, मग २४ तास, मग ७ दिवस. डोटा २ तुम्हाला बाहेर काढत नाही, वेगळ्या रांगेत बसवतो. तिचं नाव 'लो प्रायॉरिटी'. तिथे तुमच्यासारखेच सामने सोडणारे आणि शिव्या घालणारे भेटतात, आणि ठरलेले सामने जिंकल्याशिवाय सुटका नाही. शाळेत वात्रट मुलांना एकाच बाकावर बसवायचे, तसा प्रकार. वर्ग शांत व्हायचा, पण त्या बाकावरची मुलं शहाणी झाल्याचं कोणी पाहिलं नाही. बीजीएमआयमध्ये मेरिटचे गुण असतात. साथीदारांना सोडून गेलात किंवा त्यांच्यावरच गोळ्या झाडल्यात तर ते कापले जातात. व्हॅलोरंटमध्ये रँकचे गुण जातात, पुढच्या सामन्यासाठी ताटकळावं लागतं, आणि सवय सुटली नाही तर बंदी लांबत जाते.

हे सगळं अन्यायाचं आहे, असं म्हणण्याची घाई नको. पाचांच्या टीममधला एक गेला की उरलेल्या चौघांचा अर्धा-पाऊण तास मातीत जातो. ते चौघं बहुतेकदा एकमेकांना ओळखतही नसतात. त्यांच्यातला करार एवढाच, की शेवटपर्यंत थांबू. बीजीएमआयमध्ये साथीदार गोळी लागून पडलेला असतो, तुम्ही धुराचा बॉम्ब टाकून, सरपटत त्याच्यापर्यंत पोचता, आणि तो सामना सोडून निघून गेलेला असतो. हे ज्याच्या वाट्याला आलंय, त्याला दंडाचं समर्थन शिकवावं लागत नाही.

प्रश्न दंड ठरवणाऱ्याच्या नजरेचा आहे. सर्व्हरला एकच गोष्ट दिसते: या फोनकडून आता काही येत नाही. का येत नाही, हे त्याला दिसत नाही.

पनवेलचंच बघा. इथून सीएसएमटीला जाणारी हार्बरची लोकल साधारण ऐंशी मिनिटं घेते. एरँगलच्या नकाशावरचा पूर्ण सामना अर्ध्या तासाचा. म्हणजे खिडकी मिळाली की दोन सामने आरामात बसतात. पण धावत्या गाडीत फोन एक टॉवर सोडून दुसरा धरत असतो, आणि मधल्या क्षणी तुम्ही सर्व्हरच्या लेखी नाहीसे होता. दिवसाचा दीड जीबी संपतो. आईचा फोन येतो, आणि तो उचलला नाही तर होणारा दंड कुठल्याही खेळाच्या दंडाहून मोठा असतो. घरी वाय-फाय असलं तरी पहिल्या पावसात वीज जाते आणि राऊटर डोळे मिटतो.

याच पनवेलमध्ये २०२० साली योट्टा कंपनीचं एनएम१ हे डेटा सेंटर सुरू झालं. ते टियर ४ दर्जाचं आहे. साध्या भाषेत, एखादं यंत्र बिघडलं किंवा विजेची एक वाट बंद पडली तरी आतले सर्व्हर चालू राहावेत, म्हणून प्रत्येक गोष्टीला पर्याय तयार ठेवलेला असतो. तिथे कुठल्या खेळाचे सर्व्हर आहेत हा मुद्दाच नाही. मुद्दा असा, की यंत्राने क्षणभरही गैरहजर राहू नये म्हणून एवढी तजवीज, आणि त्याच गावात खेळणाऱ्या पोराकडे एक सिम आणि संध्याकाळी चौदा टक्क्यांवर आलेली बॅटरी. हजेरीची अपेक्षा मात्र दोघांकडून सारखीच.

परत जोडलं जायला खेळ थोडा वेळ देतात, हे खरं. पण तो उलटला की रागाने फोन आपटणारा आणि वीज गेलेला एकाच रांगेत उभे. उलट जो सामन्यात राहतो पण खेळत नाही, कोपऱ्यात उभा राहून अधूनमधून दोन पावलं टाकतो, तो पुष्कळदा सुटतो. त्याची हजेरी लागलेली असते ना! म्हणजे नियम मोजतो ती हजेरी. साथ मोजणं त्याला जमत नाही, म्हणून हजेरीलाच तो साथ म्हणतो.

आणि खेळ स्वतः किती टिकून राहिला? २ सप्टेंबर २०२० रोजी केंद्र सरकारने ११८ अ‍ॅप्सवर बंदी घातली, त्यात पबजी मोबाइल होता. २ जुलै २०२१ ला बीजीएमआय आला. २८ जुलै २०२२ ला तोही स्टोअरमधून काढला गेला आणि मे २०२३ मध्ये परतला. कारणं सरकारी होती, कंपनीची हौस नव्हती. म्हणजे 'माझ्या हातात नव्हतं' हे कारण कंपनीला लागू पडतं. परतल्यावर नवी मर्यादा आली: १८ वर्षांखालच्यांना दिवसाला ३ तास, बाकीच्यांना ६. ठरलेली वेळ संपली म्हणून खेळाने उठवलं तर तो नियम. जेवायला चल म्हणून आईने उठवलं तर तो तुमचा गुन्हा.

डाव सोडून पळणारे आपल्याला नवे नाहीत. लपाछपीत स्वतःवर राज्य आलं की 'आई बोलावतेय' म्हणत घरी सटकणारा एक जण प्रत्येक गल्लीत असायचा. बाकीचे जिन्याखाली, पाण्याच्या टाकीमागे श्वास रोखून बसलेले, आणि शोधणाराच गायब. गल्लीच्या कायद्यात याहून मोठा अपराध नव्हता. त्याची शिक्षा काय? दुसऱ्या दिवशी पहिलं राज्य त्याच्यावर. त्याला खेळातून काढत नसत, कालचं देणं आज फेडायला लावत, तेही ज्यांचा खोळंबा झाला त्यांच्यासमोर. ऑनलाइन खेळ याच्या उलट वागतो. तो पळणाऱ्याला आणखी लांब पाठवतो. काही खेळ उरलेल्यांचे थोडे गुण वाचवतात, तेवढंच. दंडातून त्यांच्या पदरात दुसरं काही पडत नाही.

त्याच गल्लीत 'टॅम्प्लीज' होतं. चपलेचा अंगठा तुटला, तहान लागली, की ओरडायचं आणि खेळ थांबायचा. कच्चा लिंबूही होता: धाकट्या भावंडाला खेळात घ्यायचं, पण त्याच्यावर राज्य येऊ द्यायचं नाही. नियम माणूस बघून वाकत. गल्लीला हे परवडायचं, कारण खेळणारे सात-आठ आणि सगळ्यांना सगळ्यांच्या आया माहीत. खोटं टॅम्प्लीज तिथल्या तिथे पकडलं जायचं. लाखो अनोळखी खेळाडूंना हे कसं लावणार, असं कंपन्या विचारू शकतात. प्रश्न रास्त आहे. पण त्यावर 'मग सगळ्यांनाच दोषी धरू' हे उत्तर आळशी आहे.

मोठ्यांच्या मैदानावर मात्र गल्लीइतका शहाणपणा नेहमी दिसला नाही. डिसेंबर १९४८, पुणे. रणजी करंडकात महाराष्ट्राविरुद्ध काठियावाडचा डाव २३८ वर आटोपला. महाराष्ट्राने ४ बाद ८२६ केल्या आणि भाऊसाहेब निंबाळकर ४४३ वर नाबाद होते. प्रथम श्रेणीतला तेव्हाचा विक्रम डॉन ब्रॅडमनचा, १९३० सालचा, नाबाद ४५२. म्हणजे फक्त ९ धावा बाकी. काठियावाडचे कर्णधार होते राजकोटचे ठाकोरसाहेब. विक्रम आपल्या नावावर नको म्हणून त्यांनी सामना सोडून दिला आणि संघ निघून गेला. त्यांच्या खात्यावर एक हार लागली, जी नाही तरी लागणारच होती. निंबाळकर ४४३ वरच राहिले. पुढे त्यांना एकही अधिकृत कसोटी खेळायला मिळाली नाही. आजच्या भाषेत हा क्रिकेटमधला सगळ्यात महागडा 'रेज क्विट', आणि त्याची किंमत न सोडणाऱ्याने मोजली. आपण सोबत्यांच्या नुकसानाबद्दल बोलतो, पण समोरच्याची खरी जीतही कोणी पळाल्याने फुकट जाते, हे हा सामना सांगतो.

आता दुसरा सामना. फेब्रुवारी १९८१, मेलबर्न, मालिकेतली तिसरी कसोटी. लिलीच्या चेंडूवर सुनील गावसकर ७० धावांवर पायचीत दिले गेले. चेंडू बॅटला लागलाय, असं त्यांचं म्हणणं. वर ऑस्ट्रेलियन खेळाडूंचे बोल कानावर पडले, आणि ते सोबती चेतन चौहानला घेऊन मैदानाबाहेर चालू लागले. चौहान सीमारेषा ओलांडून गेले असते तर सामना तिथेच गेला असता. पण रेषेवर संघाचे व्यवस्थापक शाहिद दुर्राणी उभे होते. त्यांनी चौहानना परत पाठवलं. चौहाननी ८५ केल्या. १४३ धावांचं लक्ष्य घेऊन उतरलेली ऑस्ट्रेलिया ८३ वर कोसळली, कपिल देवने २८ धावांत ५ बळी घेतले, आणि भारताने ५९ धावांनी जिंकून मालिका १-१ अशी बरोबरीत सोडवली. गावसकरांनी पुढे त्या रागाबद्दल जाहीर खंत व्यक्त केली.

मेलबर्नमध्ये दंडाच्या धाकापेक्षा कामाला आला तो रेषेवर उभा असलेला माणूस. ऑनलाइन खेळांकडे रेषा आहे, माणूस नाही. चौकट 'काय झालं?' असं विचारत नाही, 'किती कापू?' एवढंच सांगते.

करता येण्यासारखं बरंच आहे, आणि त्यातलं थोडं खेळांनी केलेलंही आहे. व्हॅलोरंटमध्ये एखादा सुरुवातीपासूनच गायब असेल तर उरलेले मतदान करून सामना रद्द करू शकतात. लीग ऑफ लेजंड्समध्ये वीस मिनिटांनंतर पाचपैकी चौघांनी हो म्हटलं तर हार मान्य करता येते. म्हणजे सगळ्यांनी मिळून, मान राखून उठायची वाट काढता येते. मग एकट्यासाठी का नाही? जाणाऱ्याला कारण सांगू द्या आणि सोबत्यांना ते मान्य करू द्या. महिन्यातून दोन टॅम्प्लीज द्या, पुरवून वापरेल ज्याचा तो. सवयीने पळणाऱ्याला मात्र गल्लीची शिक्षा द्या: दुसऱ्यांनी सोडलेल्या, हरत आलेल्या सामन्यांत त्याला बदली खेळाडू म्हणून उतरवा. अर्धवट टाकलेला डाव पुढे ओढताना काय होतं, हे सात दिवस घरी बसून कळत नाही. तीन सामने असे ओढले की कळतं.

तोवर आपल्या हातात दोन छोट्या गोष्टी आहेत. निघताना माइकवर 'सॉरी, स्टेशन आलं' एवढं बोलायला दोन सेकंद लागतात. आणि कोणी न बोलता गेलाच, तर रिपोर्टचं बटण दाबण्याआधी क्षणभर थांबायचं. तो पळाला असेल. किंवा पलीकडे कुठेतरी पाऊस लागला असेल आणि घरातले मेणबत्ती शोधत असतील.