'सत्तर रुपये वारले' : एका विनोदाचा विचार

गेल्या पावसाळ्यात नसरापुरावरून वेल्ह्यास जाणाऱ्या गाडीत घडलेला एक साधा प्रसंग प्रथम सांगतो. मार्गासनीस एक वृद्ध गृहस्थ उतरले. गाडी सुटल्यावर शेजारच्याच्या ध्यानात आले की, वाहकाकडून यावयाचे सुटे पैसे घेण्यास म्हातारबोवा विसरले. "किती होते?" असे कोणी विचारले. वाहकाने उत्तर देण्यापूर्वीच मागच्या बाकावरून एक तरुण गंभीर चेहऱ्याने म्हणाला, "सत्तर रुपये वारले!" सारी गाडी हसली. वाहकाने हसत हसतच दोरी ओढून गाडी थांबविली व त्या तरुणानेच धावत जाऊन म्हाताऱ्याच्या हाती पैसे ठेविले.

ज्या चित्रपटातील हे शब्द, तो 'अशी ही बनवाबनवी' १९८८ साली प्रकाशित झाला. बोलणारा तरुण तेव्हा जन्मासही आलेला नव्हता. ग्रंथांतील सुभाषिते पाठ करवून घ्यावी लागतात; आणि ही वाक्ये भोरच्या बाजारपेठेत व वेल्ह्याच्या गाडीत कोणी न शिकविता पिढीमागून पिढी चालत आली आहेत. अशा चित्रपटांस 'धांगडधिंगा' म्हणून बाजूस सारण्याची सुशिक्षितांत रीत आहे. परंतु जे इतके टिकते, त्यात टिकण्याजोगे काय आहे, हे पाहणे टीकाकाराचे कर्तव्यच होय.

चित्रपटाचे कथानक स्वतंत्र नाही. हृषीकेश मुखर्जी यांच्या १९६६ च्या 'बीवी और मकान' या हिंदी चित्रपटावरून ते घेतलेले आहे. पुण्यात जागा मिळेना म्हणून चौघांपैकी दोघे स्त्रीवेष घेतात आणि केवळ विवाहित जोडप्यांस जागा देणाऱ्या लीलाबाई काळभोर यांच्या घरी बिऱ्हाड थाटतात, एवढाच त्याचा सांगाडा. परंतु त्या हिंदी चित्रपटातील एखादे वाक्य आमच्या बाजूस कोणी म्हणत असल्याचे ऐकिवात नाही. कथानक उसने आणता येते. वाक्य मात्र घरच्याच मातीत उगवावे लागते. येथे ते उगविले संवादलेखक वसंत सबनीस यांच्या लेखणीतून. 'विच्छा माझी पुरी करा' लिहिणाऱ्या या लेखकाचा कान लोकनाट्याच्या बोलीवर तयार झालेला होता.

आरंभीचेच वाक्य पाहा. धनंजयाने घरमालक सरपोतदारांकडून औषधासाठी पैसे घेतलेले असतात, आणि औषध आणणारा मित्र वारल्याची थाप तो मारतो. अशा वेळी पैसे 'बुडाले' असे आपण म्हणू. येथे ते 'वारले'. मरणाच्या क्रियापदांत 'वारणे' हे आदराचे. आता गंमत अशी की, मराठीत आदरार्थी अनेकवचन आणि संख्येचे अनेकवचन यांचे रूप एकच. 'काका वारले', तसे 'सत्तर रुपये वारले'. वाक्य व्याकरणदृष्ट्या निर्दोष आहे, म्हणूनच ते इतके हास्यकारक झाले आहे. मित्राच्या वाट्यास जे सुतक यावयाचे, ते रुपयांच्या वाट्यास येते, आणि कृपण मनुष्याचा खरा आप्त कोण हेही त्याच शब्दात उघड होते. शब्दनिष्ठ विनोद आणि स्वभावनिष्ठ विनोद असे जे भेद आपण वर्गात शिकवितो, ते येथे तीन शब्दांत एकजीव झाले आहेत.

दुसरे वाक्य याच्या उलट, व्याकरणाच्या चुकीतून जन्मलेले : "हा माझा बायको." इंग्रजीत ही चूक करावयाची म्हटली तरी करता येत नाही, कारण तेथे 'माझा' आणि 'माझी' यांस शब्द एकच. मराठी भाषा मात्र लिंगाची साक्ष पावलोपावली मागते. साडी नेसवून पुरुष डोळ्यांपासून लपविता येतो, जिभेपासून लपविता येत नाही. धनंजयाच्या मुखातून असत्य बाहेर पडत असतानाच सर्वनाम व विशेषण दोन्ही सत्य बोलून जातात.

विकृत वेष हे हास्यरसाचे कारण भरतमुनींनीच सांगून ठेविले आहे. परंतु महाराष्ट्रास पुरुषाने स्त्रीवेष घेणे नवे नव्हते. बालगंधर्व (१८८८-१९६७) यांच्या भूमिकेत पुरुषाचा विसर पडणे, हे त्या कलेचे यश होते. लक्ष्मीकांत बेर्डे यांच्या पार्वतीत पुरुषाचा क्षणभरही विसर पडू नये, हे या कलेचे यश आहे. एकीत आपण भ्रमात रमतो. दुसरीत भ्रम आता फुटेल की मग, या धास्तीत रमतो.

आणि ही धास्ती मला परक्याची वाटत नाही. त्याच वर्षी मी भोर सोडून पुण्यात शिकावयास गेलो होतो. कॉट बेसिसवर तिघे एका खोलीत राहात असू. तोरण्याच्या पायथ्याचा एक मित्र जागेअभावी आमच्याकडे चोरून निजे. पहाटे मालक उठण्यापूर्वी चपला हातात घेऊन जिना उतरे. एके रात्री दारावर थाप पडली. दुसऱ्या दिवशी त्याची वळकटी रस्त्यावर होती. आम्ही तिघे काही बोललो नाही. आमची कॉट जाईल ही भीती होती. आठवड्याने तो गावी परतला, आणि त्याचे शिक्षण तेथेच संपले. पुढे आम्ही हा चित्रपट पाहिला, पोट धरून हसलो, परंतु परशा दारात उभा राहून "धनंजय माने इथेच राहतात का?" असे विचारतो, तेव्हा आमच्यापैकी कोणी कोणाकडे पाहिले नाही. त्या शब्दांत स्वतः हसण्याजोगे काहीच नाही. निवारा नसलेला मनुष्य मित्राचे दार शोधतो, इतकेच ते आहे.

या कृतीत दोष नाहीत असे नाही. ज्या वृद्धेने आसरा दिला, तिच्या विश्वासाशी हे चौघे खेळतात. पार्वतीच्या खोट्या गरोदरपणाचे कौतुक ती बिचारी खऱ्या मायेने करते, आणि ही फसवणूक शेवटच्या कबुलीत फारच स्वस्तात सुटते. लीलाबाईंच्या दुःखास लेखकाने आणखी थोडी जागा द्यावयास हवी होती.

तरीही एक गोष्ट मान्य केली पाहिजे. ते चौघे लबाडी करतात, मार खातात, साड्या नेसतात; पण आपल्यातील एकास रस्त्यावर सोडून उरलेले तिघे घरात राहात नाहीत. जे धैर्य आम्हांस झाले नाही, ते या विदूषकांस झाले. आज वेल्ह्या-भोरकडील माझे विद्यार्थी पुण्यात खोली शोधावयास निघतात, तेव्हा हीच वाक्ये एकमेकांस ऐकवीत निघतात. ती ऐकून मी हसतो. आणि चौथ्याचीही सोय पाहा, एवढे सांगितल्यावाचून मला राहवत नाही.