कन्येचा शब्द : ऐतिहासिक कादंबरीतील एका पेचाचा विचार

ऐतिहासिक कादंबरीतील नायिकेविषयी लिहिताना आपल्याकडील अभ्यासक एक ठरीव वाक्य हमखास वापरतात : 'एकीकडे कुलनिष्ठा व दुसरीकडे प्रीती अशा द्वंद्वात ती सापडते.' वाक्य खोटे नाही. परंतु ते लिहून झाले की विवेचन संपले असे मानण्याची सवय मात्र घातक आहे. कुलनिष्ठा म्हणजे नेमकी कोणाशी निष्ठा? पित्याशी, मातेशी, घराण्याच्या मालमत्तेशी, की धर्माशी? आणि या सर्वांचे म्हणणे एकच असते, हे कोणी ठरविले? हे प्रश्न विचारले नाहीत, तर कन्येचे दुःख हे केवळ कोमल अंतःकरणाचे दुःख ठरते आणि ज्यांनी तो पेच रचला ते विवेचनातून अलगद सुटून जातात. सर वॉल्टर स्कॉटच्या 'द ब्राइड ऑफ लॅमरमूर' (१८१९) या कादंबरीबाबत नेमके असेच घडले आहे. तिची नायिका ल्यूसी ॲश्टन दुबळी आहे, तिला स्वतःची इच्छाशक्ती नाही, म्हणून ती शोकनायिकेच्या पदवीस पोहोचत नाही, असा आक्षेप पुष्कळदा घेतला जातो. तो आक्षेप तपासून पाहणे हा प्रस्तुत लेखाचा हेतू आहे.

कथानकाची आठवण थोडक्यात करून देणे इष्ट होईल. रेव्हन्सवुड हे स्कॉटलंडमधील जुने सरदार घराणे. राजकीय उलथापालथीत ते खचते आणि त्याची जहागीर सर विल्यम ॲश्टन हा कायदेपंडित न्यायालयीन मार्गाने बळकावतो. रेव्हन्सवुड घराण्याचा उरलेला एकुलता वारस एडगर सूडाच्या भावनेने पेटलेला असतानाच, उधळलेल्या रानटी बैलापासून तो सर विल्यमचे आणि त्याच्या कन्येचे प्राण वाचवितो. पुढे एडगर व ल्यूसी एका पडक्या झऱ्यापाशी परस्परांस वचन देतात. सोन्याचे एक नाणे मोडून त्याचा अर्धा अर्धा तुकडा दोघे जवळ ठेवतात. ल्यूसीची माता लेडी ॲश्टन हे वचन मोडून काढते आणि बकलॉ नावाच्या जमीनदाराशी तिचा विवाह लावते. विवाहाच्या रात्री वर जखमी अवस्थेत सापडतो व वधू भ्रमिष्ट. थोड्याच दिवसांत ती मरते.

ही कथा स्कॉटने हवेतून आणलेली नाही. १६६९ साली जॅनेट डॅलरिंपल या तरुणीच्या बाबतीत घडलेल्या प्रसंगाची परंपरागत हकीकत तिच्या मुळाशी आहे, हे त्यानेच १८३० च्या सुमारास लिहिलेल्या प्रस्तावनेत सांगितले. जॅनेटने लॉर्ड रदरफर्डला वचन दिले होते. घरच्यांनी तिचा विवाह बाल्डूनच्या डेव्हिड डनबारशी लावला आणि काही आठवड्यांतच ती मृत्यू पावली. आपल्या दृष्टीने अधिक महत्त्वाची गोष्ट पुढेच आहे. जॅनेटचा पिता जेम्स डॅलरिंपल हा स्कॉटलंडच्या विधिशास्त्राचा एक आद्य प्रणेता. 'इन्स्टिट्यूशन्स' हा त्याचा ग्रंथ १६८१ साली प्रसिद्ध झाला. तो ज्या 'कोर्ट ऑफ सेशन' या न्यायालयाचा अध्यक्ष होता, त्याच न्यायालयात १८०६ पासून स्कॉट हा प्रमुख लेखनिकांपैकी एक होता. करार कोणाचा वैध, संमती कशास म्हणावे, मौनाचा अर्थ काय, हे प्रश्न ज्याच्या रोजच्या टेबलावर होते, अशा लेखकाने ही कथा लिहिली आहे. भुताखेतांच्या आणि अपशकुनांच्या गर्दीत हे विसरले जाते.

आता सर विल्यमचे वर्तन पाहू. एडगर आपल्या घरी यावा, त्याची व कन्येची जवळीक व्हावी, याला हा पिता आडकाठी करीत नाही. उलट ती होऊ देतो. त्यामागे वात्सल्य नाही असे नव्हे, परंतु वात्सल्याहून भय मोठे आहे. राजकारणाचे वारे फिरले तर जहागिरीचे निकाल वरिष्ठ सभेपुढे पुन्हा उकरून काढले जातील, हे त्या सावध गृहस्थास ठाऊक आहे. पहिल्या आवृत्तीत ही वरिष्ठ सभा म्हणजे स्कॉटलंडचे स्वतःचे पार्लमेंट. पुढे स्कॉटनेच कथेचा काळ १७०७ च्या एकीकरणानंतरचा केल्यामुळे लंडनमधील उमरावांचे सभागृह त्या जागी आले. १९९५ च्या एडिंबरो आवृत्तीने मूळ पाठ पुन्हा उपलब्ध करून दिल्यापासून हा भेद अभ्यासकांस सहज पाहता येतो. कोणताही पाठ घ्या, पित्याचा हिशेब तोच राहतो : जावई झालेला शत्रू दावा लावणार नाही. कन्येचे प्रेम हे त्याच्या लेखी मालमत्तेचे एक संरक्षण आहे. ल्यूसीला यातले काहीच माहीत नाही. तिला वाटते, पिता प्रसन्न आहे. म्हणजे प्रीती आणि पितृभक्ती यांत तिच्या दृष्टीने सुरुवातीस विरोधच नाही! विरोध निर्माण होतो तो माता घरी परतल्यावर. तेव्हा कुल एका बाजूला आणि प्रेम दुसऱ्या बाजूला, ही मांडणी येथे मुळातच लागू पडत नाही. कुलच दुभंगलेले आहे, आणि त्याच्या दोन्ही अर्धकांनी कन्येचा उपयोग करून घेतला आहे.

या पार्श्वभूमीवर करारपत्राच्या प्रसंगाकडे पाहावे. ल्यूसीचा हट्ट एवढाच असतो की एडगरने मुक्त केल्यावाचून आपण वचनमुक्त नाही. आईने सांगितलेल्या मजकुराचे पत्र ती लिहिते. त्याची प्रत वृद्ध धर्मोपदेशक बाइड-द-बेंट याच्यामार्फत परदेशी असलेल्या एडगरकडे जाते. ठरलेल्या दिवसापर्यंत उत्तर येत नाही. ती सही करते, आणि सही होते न होते तोच एडगर दारात उभा! तो विचारतो ते इतकेच, की हे तुझ्या इच्छेने झाले काय? उत्तर ल्यूसी देत नाही. आई देते, आणि तेही शास्त्राधाराने. बायबलमधील 'गणना' या पुस्तकाच्या तिसाव्या अध्यायात कन्येच्या नवसाविषयी नियम आहे. पित्याच्या घरी राहणाऱ्या तरुण कन्येने काही व्रत वा वचन घेतले आणि पित्याने ते ऐकले त्याच दिवशी त्यास हरकत घेतली, तर ते वचन बांधत नाही. धर्मोपदेशक हा आधार वाचून दाखवितो.

परंतु त्याच नियमाचा दुसरा भागही आहे, आणि तो आधी येतो : पित्याने ऐकले व तो गप्प राहिला, तर कन्येची सर्व वचने कायम राहतात. हा भाग वाचला जात असताना एडगर मध्येच बोलतो. आमच्या बाबतीत हेच घडले नाही काय, असा त्याचा सवाल आहे. म्हाताऱ्याने त्याला गप्प बसविले आणि वाचन पुढे चालले. बहुतेक वाचक हे वाक्य प्रियकराची अधीरता म्हणून सोडून देतात. माझ्या मते संपूर्ण कादंबरीचा कणा येथे आहे. पित्याने जवळीक पाहिली, आपल्या सोयीसाठी वाढू दिली, तोंड उघडले नाही. ज्या शास्त्रवचनाच्या बळावर ल्यूसीचा शब्द रद्द ठरविला जातो, त्याच शास्त्रवचनाप्रमाणे तो शब्द वैध ठरण्यास चांगली जागा होती. शिवाय हरकतीचा अधिकार शास्त्राने दिला पित्याला, वापरला मातेने. स्कॉटमधल्या कायदेपंडिताने हा तपशील अजाणता ठेवला असेल, हे मला पटत नाही.

तेव्हा ल्यूसी दुबळी आहे म्हणून बोलत नाही, की तिचा शब्द शब्द म्हणून मोजलाच जात नाही म्हणून ती दुबळी दिसते? आपल्या महाभारतातील अंबेचे उदाहरण येथे आठवते. मी मनाने शाल्वास वरिले आहे आणि माझ्या पित्याचीही तशीच इच्छा होती, असे ती भीष्मास सांगते, आणि हरण करून आणलेल्या त्या कन्येचा शब्द शत्रूच्या सभेतही ग्राह्य धरला जातो. तिला जाऊ दिले जाते. तिची शोकांतिका पुढे सुरू होते, शाल्वाच्या दारी. ल्यूसीच्या वाट्यास भीष्मही आला नाही.

स्कॉटच्याच 'आयव्हॅन्हो'मधील रिबेका ही याच वर्षअखेरीस प्रसिद्ध झालेली दुसरी कन्या. तिच्याशी तुलना केल्यास मुद्दा अधिक स्पष्ट होतो. रिबेका आयव्हॅन्होवर प्रेम करते, पण ज्यू पित्यास व धर्मास ती सोडीत नाही. अखेरीस आयझॅकसह स्पेनला निघून जाते. पुष्कळ वाचकांस ही गोष्ट रुचली नाही. थॅकरेने तर १८५० मध्ये एक विडंबनपर उत्तरकथा लिहून तिचे आयव्हॅन्होशी लग्नही लावून टाकले. खुद्द स्कॉटने आपल्या निर्णयाचे समर्थन त्या काळच्या पूर्वग्रहांवर बोट ठेवून केले आहे. पण रिबेकेच्या त्यागाने आपण विदीर्ण होत नाही, स्तब्ध होतो. याचे कारण तिचा शब्द सर्वत्र चालतो. बंदिवासात, न्यायासनापुढे, मृत्यूच्या छायेत ती बोलते आणि ऐकणाऱ्यास उत्तर द्यावे लागते. पित्याशी तिचे नाते व्यवहाराचे नाही. कन्येपुढे आयझॅकचा सारा धनलोभ गळून पडतो. अशा पित्यासाठी प्रीती सोडणे हे दुःखद असेल, अपमानास्पद नाही.

बंकिमचंद्रांच्या 'दुर्गेशनंदिनी'तील (१८६५) आयेषा तिची सख्खी बहीण शोभते, आणि या साम्यावरून बंगालीत पुष्कळ वाद झाला. त्यात येथे पडण्याचे कारण नाही. आयेषेचा पेच मात्र रिबेकेहून कठीण आहे. ती कतलू खानाची कन्या. जगतसिंह हा तिच्या पित्याचा शत्रू आणि त्याच्याच किल्ल्यातील कैदी. त्याची शुश्रूषा करता करता ती त्याच्यावर प्रेम करू लागते, इतकेच नव्हे तर त्याला पळून जाण्याचा मार्गही देऊ करते. हा सरळसरळ पितृद्रोह आहे. परंतु उस्मान तेथे येऊन जाब विचारतो तेव्हा ती लपवीत नाही. हा कैदीच माझा प्राणेश्वर, असे त्याच्या तोंडावर सांगते आणि कृत्याची जबाबदारी स्वतःवर घेते. या प्रसंगात बंकिमचंद्रांची लेखणी जितकी चढते तितकी तिलोत्तमेच्या चित्रणात चढत नाही. तिलोत्तमेचा पिता वीरेंद्रसिंह मानसिंहाच्या घराण्याचा द्वेष करतो, हा धागा उत्तम होता; पण पित्याचाच वध झाल्याने तो तुटतो आणि कन्येस निवड करण्याचा प्रसंगच येत नाही. मृत पित्याची आज्ञा मोडण्याचा पेच रंगविता आला असता. लेखकाने तो टाळला.

रिबेका रोवेनास आणि आयेषा तिलोत्तमेस आपले अलंकार देऊन टाकते. या साम्याकडे 'अनुकरण' म्हणून बोट दाखविणाऱ्यांनी त्याचा अर्थ मात्र क्वचितच विचारला. कन्येचे अलंकार म्हणजे पित्याच्या घरून तिच्याबरोबर जाणारा तिचा वाटा. ते दुसरीच्या अंगावर घालणे म्हणजे आपण कोणाच्याही घरी जाणार नाही असे न बोलता सांगणे. दोघींनाही ते सांगण्याची मुभा आहे. ल्यूसीच्या गळ्यात अलंकार नव्हता, मोडक्या नाण्याचा तुकडा होता. तो बांधलेली फीतही तिच्याने सुटेना, आईने ती कापली.

मराठी वाचकास या विषयात प्रथम आठवेल ती रूपनगरची राजकन्या. टॉडच्या राजस्थानवृत्तांतातील ही कथा बंकिमचंद्रांनी 'राजसिंह'मध्ये आणि हरि नारायण आपट्यांनी 'रूपनगरची राजकन्या'मध्ये हाताळली. औरंगजेबाची मागणी नाकारून ती उदेपूरच्या राण्यास पत्र धाडते; रुक्मिणीच्या पत्रिकेवर वाढलेल्या आपल्या वाचकास यात काहीच अपरिचित नाही. म्हणूनच येथे पेच सौम्य होतो. तिची प्रीती आणि कुलाचा अभिमान एकाच दिशेस धावतात. घरच्या माणसांपेक्षा कन्याच अधिक कुलनिष्ठ ठरते. स्फूर्तिप्रद कथा म्हणून तिचे मोल आहे, पण ज्या पेचाचा आपण विचार करीत आहोत तो तेथे जवळजवळ नाहीच. स्कॉटचे बाह्यांग, म्हणजे किल्ले, वेषांतरे, भुयारे, आपल्या ऐतिहासिक कादंबरीने उत्साहाने उचलले. 'लॅमरमूर'मधील करारपत्राकडे तिचे लक्ष त्या प्रमाणात गेले नाही.

स्कॉटच्या कृतीत दोष नाहीत असे नाही. डोंबकावळ्याचे रक्त वधूच्या वस्त्रावर पडणे, झऱ्याची शापित दंतकथा, चेटकिणींची कुजबुज, घराण्याविषयीचे भाकीत, या सर्वांमुळे जे माणसांनी केले ते नियतीने केले असा भास होतो आणि लेडी ॲश्टनच्या पापाचा भार हलका होतो. दोनिझेत्तीच्या संगीतिकेने (१८३५) तर मातेस वगळून तिच्या जागी भाऊ आणला आणि वेडाचा प्रवेश एवढा गाजविला की लोकांच्या स्मरणात ल्यूसी म्हणजे वेड, एवढेच उरले. करारपत्र मागे पडले.

ते करारपत्र आपण स्वतः पाहिले आहे, असे कादंबरीचा निवेदक सांगतो. प्रत्येक पानावर ल्यूसीची सही आहे, जवळजवळ नेहमीच्या वळणाची, स्वच्छ. कोठे किंचितसा कंप. शेवटच्या पानावरची मात्र अपुरी, डागाळलेली, कारण ती करीत असतानाच फाटकापाशी घोड्याच्या टापा वाजल्या. दप्तरखान्यात बसलेल्या इतिहासकारास हा कागद मिळाला, तर तो काय नोंदवील? वधूची संमती होती, साक्षीदार होते, दस्त पुरा झाला. त्याच्या साधनांच्या दृष्टीने ही नोंद निर्दोष आहे. कादंबरीकाराने तोच कागद हाती घेतला आहे, पण त्याची नजर अक्षरांवरून सरकून शाईच्या डागावर थांबली आहे. त्या रात्रीचा दुसरा साक्षी बकलॉ. तो बरा झाला. परंतु जी स्त्री याविषयी विचारील तिच्याशी आपली मैत्री संपली आणि जो पुरुष विचारील त्याने द्वंद्वास आव्हान दिले असे आपण समजू, एवढे सांगून तो परदेशी निघून गेला. सर विल्यम आधीपासूनच गप्प होता.