जाके-द्रो यांचा ‘लेखक’: हात आणि डोळे

स्वित्झर्लंडमधील ला शो-द-फाँ येथील घड्याळजी पिएर जाके-द्रो (१७२१-१७९०), त्यांचे पुत्र आँरी-लुई व सहकारी जाँ-फ्रेदेरिक लेशो यांनी घडविलेल्या तीन स्वयंचलित बाहुल्या १७७४ मध्ये लोकांसमोर आल्या. आज त्या न्यूशातेलच्या संग्रहालयात आहेत. त्यांतील ‘लेखक’ या बालमूर्तीस संगणकाचा पूर्वज म्हणण्याची प्रथा पडली आहे. हे विधान तपासून पाहणे आवश्यक ठरते.

सुमारे ६००० भागांच्या या यंत्रात कडा उंचसखल कापलेल्या चकत्यांची एक उतरंड आहे. प्रत्येक अक्षरासाठी तीन चकत्या हाताला गती देतात. दोन कागदावरील दिशा ठरवितात, तिसरी पिसाच्या लेखणीचा दाब. कोणते अक्षर केव्हा यावे, हे मात्र एक वेगळे चक्र ठरविते आणि त्यावरील खुंट्या बदलून ४० अक्षरांपर्यंतचा नवा मजकूर जुळविता येतो. अक्षराचा आकार आणि अक्षरांचा क्रम यांची ही फारकत हेच या कृतीचे खरे वैशिष्ट्य होय. परंतु यंत्र स्वतः कोणताही निर्णय घेत नाही. त्याचे नाते संगणकापेक्षा छापखान्यातील खिळे जुळविणाऱ्याशी अधिक जवळचे आहे.

त्याच काळात केंपेलेन यांच्या बुद्धिबळपटू ‘तुर्का’च्या पोटात माणूस दडलेला होता, वोकांसाँ यांच्या बदकाचे पचनही बनावट होते. ‘लेखका’चा हात तसा खोटा नाही. तो खरोखरच दौतीत लेखणी बुडवितो, जास्तीची शाई झटकतो व कागदावर अक्षर उमटवितो. त्याचे डोळे मात्र ओळीमागून फिरतात आणि काहीही वाचत नाहीत. लेखनास त्यांची गरजच नाही; ते प्रेक्षकांसाठी आहेत. (आणि बहुतेक प्रेक्षक भुलतात ते या डोळ्यांनाच!)

‘वादिका’ खऱ्या वाद्याच्या पट्ट्या बोटांनी दाबते, येथवर सारे प्रामाणिक आहे. तिच्या छातीची धाप मात्र निव्वळ अभिनय. या कसोटीवर तिघांत कमी वाखाणला गेलेला ‘चित्रकार’ सरस ठरतो. तोही श्वास सोडतो, पण तो कागदावर साचलेली पेन्सिलीची भुकटी उडविण्यासाठी.