कालियामर्दनांतील कृष्ण

फाळक्यांच्या ‘लंकादहनां’त (१९१७) राम व सीता हीं दोन्ही कामें अण्णा साळुंखे यांनीं केलीं, ‘कालियामर्दनां’त (१९१९) उलट कृष्णाचें काम फाळक्यांची बालकन्या मंदाकिनी हिनें केलें. तिची कीर्ति हा पट व आदल्या वर्षींचा ‘श्रीकृष्णजन्म’ यांवरच उभी आहे. ‘कालियामर्दना’चा बराच भाग उपलब्ध आहे, हें भाग्यच. कथारंभापूर्वीं या मुलीची मुद्रा जवळून दिसते. एकामागून एक भाव उमटतात, व तीच मुद्रा वेषधारी कृष्णांत विरून जाते. हा भाग कथाबाह्य समजून गाळणें म्हणजे पोथीचें आदिपत्र टाकणें होय; रिद्धपूरच्या महानुभाव पोथ्या ठाऊक असलेल्या परतवाड्याकडील संग्राहकांस हें निराळें सांगावयास नको. सर्व श्रेय पित्याच्या यंत्रकौशल्यास देणाऱ्यांशीं आमचा मतभेद आहे. वेषांतर यंत्राचें खरें; परंतु तत्पूर्वींचे मुद्रेचे पालट मुलीचेच आहेत.