मांत्रिकाचें पुस्तक

सी. एस. लुइस यांच्या ‘द व्हॉयेज ऑफ द डॉन ट्रेडर’ (१९५२) या कादंबरींतील मांत्रिकाच्या पुस्तकाला हात लावतांच बोटांना झिणझिण्या येतात. त्यांतील चित्रें सजीव होतात. अरबी सुरस गोष्टींवर वाढलेले आम्ही एवढ्यानें दिपलों नाहीं. खरें मर्म निराळें आहे. चित्ताला उल्हास देणारी एक गोष्ट लूसी त्यांत वाचते. पानें मागें उलटत नाहींत आणि वाचलेलें पुसट होत जातें. पेला, तलवार, वृक्ष व टेकडी, एवढेंच स्मरणांत उरतें. मैत्रिणीचें बोलणें मंत्रबळानें ऐकल्याबद्दल तिला पुढें उपदेश होतो, तेथें मात्र रसभंग होतो. तथापि ग्रंथाचें तेज पानांवर नसून तो मिटल्यावर उरणाऱ्या हुरहुरींत असतें, हें लेखकानें नेमकें ओळखलें आहे. मुलांच्या हातीं हें पुस्तक अवश्य द्यावें.