साथीला पुलं

होस्टेलच्या पहिल्याच आठवड्यात माझं नाव ‘रावसाहेब’ पडलं. पुण्यात शिकायला आलो तेव्हा मी ‘ते गाडी आलं’ असं बोलायचो. आमच्या दुधनीत ते कुणाला खटकत नाही. गाव अक्कलकोट तालुक्यातलं, सोलापूर–वाडी रेल्वेमार्गावरचं. पुढे गाडी कर्नाटकात शिरते. घरात कानडी, शाळेत मराठी, आडतीवर तुरीचा भाव दोन्हींत. कानडीत माणसं आणि देव सोडले तर बाकी जवळपास सगळं नपुंसकलिंगी. गाडी, बादली, दरवाजा, सगळं ‘ते’. म्हणजे आमच्या चुकीलाही व्याकरण आहे. पण हे सांगणार कुणाला? एका मुलाने मोबाईलवर पु. ल. देशपांड्यांचं ‘रावसाहेब’ लावलं, खोली हसून लोळली, आणि मी पुढची तीन वर्षं पुलं ऐकले नाहीत.

परत ऐकले ते एका वेगळ्याच वादामुळे. केनी सेबॅस्टियनसारखा कॉमेडियन गिटार घेऊन स्टँड-अप करतो, तर मराठीत असं कुणी का नाही, असं एक मित्र म्हणाला. मी नाइलाजाने म्हटलं, होता एक. त्याच्याकडे पेटी होती.

पुलंचं (१९१९–२०००) करिअर पाहिलं तर संगीत आधीपासून सोबत आहे. १९५३च्या ‘देवबाप्पा’मधल्या ‘नाच रे मोरा’ची चाल त्यांची. त्याच वर्षीच्या ‘गुळाचा गणपती’चं लेखन, दिग्दर्शन आणि संगीत त्यांचं, मुख्य भूमिकाही त्यांचीच. १९५५मध्ये ते आकाशवाणीत गेले. गंमत अशी की १९४०पासून १९७१पर्यंत आकाशवाणीवर पेटीला बंदी होती. पेटीचे सूर ठरलेले, तिच्यावर मींड निघत नाही, म्हणून ती आपल्या गाण्याला चालत नाही, असा आक्षेप होता. म्हणजे पेटीवाला माणूस नोकरीला होता तिथे पेटीलाच मज्जाव. १९६१मध्ये ‘बटाट्याची चाळ’ घेऊन ते रंगमंचावर एकटे उभे राहिले आणि अख्खी चाळ एका गळ्यातून बोलू लागली.

पुलंचा विनोद आणि पुलंची पेटी हे दोन छंद नाहीत, एकच कसब आहे, असं मला वाटतं. ते कसब साथीचं. पेटीची साथ करणारा गायकाच्या किंचित मागून चालतो. गायक कुठे जाणार हे त्याला ठाऊक नसतं. तो श्वास घेतो तेवढी जागा भरायची आणि तो परत आला की बाजूला व्हायचं. वसंतराव देशपांड्यांसारख्या गायकाला साथ करणाऱ्या माणसाचा कान असाच तयार झालेला असणार. डॅनिश पियानोवादक आणि विनोदकार व्हिक्टर बोर्ग संगीत मध्येच तोडून हसवायचा. पुलं तोडत नाहीत, सोबत जातात.

हे डोक्यात ठेवून ‘रावसाहेब’ पुन्हा ऐकलं. बेळगावला कॉलेजात शिकवत असताना पुलंची कृष्णराव हरिहरांशी दोस्ती झाली, त्यांचं हे व्यक्तिचित्र. रावसाहेबांच्या मराठीत लिंगांचा गोंधळ आहे, कानडी हेल आहे, शिव्या आहेत. पण पुलं त्यांना कुठेही दुरुस्त करत नाहीत. त्यांचं वाक्य पूर्ण होऊ देतात, मग थांबतात, मग आपलं बोलतात. आणि भावना जिथे जास्त, तिथे रावसाहेबांचं व्याकरण अधिकच मोडतं. पुलं बेळगाव सोडून निघतात तेव्हा हा दांडगा माणूस रडतो आणि रडता रडता मुळात आलातच कशाला म्हणून भांडतो. तिथे भाषा मोडकी नसती तर तो निरोप गुळगुळीत झाला असता.

‘गुळाचा गणपती’मध्ये पुलंनी ‘इंद्रायणी काठी’ गायला घेतले ते गदगचे भीमसेन जोशी, म्हणजे घरी कानडी बोलणारा गवई. गाण्यात तो हेल आपण कौतुकाने ऐकतो. बोलण्यात ऐकला की हसतो. पुलंनी दोन्हीकडे एकच कान लावला, असं मला वाटतं.

पण हा कान नेहमीच जागा होता असं नाही. तबल्याच्या सोलोला पेटी लेहरा धरते: तीच ओळ, पुन्हा पुन्हा. पुलंचं काही लेखन असा लेहरा झालं आहे. ‘तुम्हाला कोण व्हायचंय? मुंबईकर, पुणेकर की नागपूरकर?’ घ्या. हसू येतं, पण तिथे माणूस नाही, शहराचा शिक्का आहे. म्हणूनच ते फॉरवर्ड करायला सोपं. महाराष्ट्र तीन शहरांत वाटून संपतो, आणि दुधनीच्या माणसाला त्यात उभं राहायला जागा मिळत नाही. शिवाय आता रील्समध्ये ‘रावसाहेब’चेही तीस सेकंदांचे तुकडे फिरतात. त्यांत चुका तेवढ्या राहतात, साथ कापली जाते. होस्टेलमध्ये मला मिळालं ते पुलंच्या नावाखाली हेच.

गेल्या दिवाळीत गावी अज्जाला पूर्ण ‘रावसाहेब’ ऐकवलं. अज्जा आडतीवर मुनीम होते. रावसाहेबांसारखंच मराठी बोलतात, त्यामुळे त्यांना त्यात चूक अशी कुठे ऐकूच आली नाही. तरी ते पोट धरून हसले. रावसाहेबांच्या चिडण्याला हसले, त्यांच्या हट्टाला हसले. शेवटच्या निरोपाला मात्र गप्प झाले आणि चष्मा काढून धोतराने पुसत बसले.

मग विचारलं, “हे रावसाहेब कुठल्या गावचं?”

“बेळगावचे.”

“मग आपल्याकडचंच की.”

होस्टेलच्या ग्रुपवर माझं नाव अजून ‘रावसाहेब’च आहे. आता मी ते बदला म्हणत नाही.