उच्चारानंतरचे शरीर : रेखा सबनीस यांची मल्लिका

मणी कौल यांच्या ‘आषाढ का एक दिन’ (१९७१) या चित्रपटाची चर्चा दिग्दर्शकाची शैली, के. के. महाजन यांचे छायाचित्रण आणि मोहन राकेश यांचे मूळ नाटक (१९५८) यांच्याभोवतीच फिरत राहते. मल्लिकेची भूमिका करणाऱ्या रेखा सबनीस श्रेयनामावलीपुरत्या उरतात. कालिदासाच्या भूमिकेतील अरुण खोपकर पुढे चित्रपटविषयक लेखनामुळे मराठी वाचकाच्या परिचयाचे झाले. प्रायोगिक रंगभूमीवरून आलेल्या या अभिनेत्रीची मल्लिका मात्र आपल्या समीक्षेने जवळजवळ वाचलीच नाही. हे विस्मरण निव्वळ अनवधानाचे नव्हे. त्यामागे एक सैद्धान्तिक गृहीत आहे : कौल नटाकडून अभिनय काढून घेतात, म्हणून पडद्यावर जे उरते ते दिग्दर्शकाचेच. ब्रेसाँची ‘मॉडेल’ ही संज्ञा हाताशी असल्याने हे गृहीत तपासण्याची निकड कोणाला भासली नाही.

ते तपासायचे तर चित्रपटाच्या ध्वनियोजनेकडे वळावे लागते. कौल यांनी संवाद आधी ध्वनिमुद्रित करून चित्रीकरणस्थळी ते ऐकवले. लोकप्रिय हिंदी चित्रपटात गाण्यासाठी रुळलेला हा संकेत त्यांनी थेट बोलण्याला लावला, हे धाडस आजही पुरेसे लक्षात घेतले जात नाही. नाटकातील शब्द प्रेक्षागृहाच्या शेवटच्या रांगेपर्यंत फेकायचा असतो. येथे ती जबाबदारीच संपली. ‘नाट्यशास्त्रा’च्या परिभाषेत बोलायचे, तर वाचिक अभिनय आंगिकापासून सुटा झाला. शब्द उच्चारून झाले आहेत. कॅमेऱ्यासमोर नटीच्या वाट्याला उरते ते ऐकणे.

नेमके येथेच सबनीस यांचे कर्तृत्व सुरू होते. मल्लिका ही मुळातच ऐकणारी, वाट पाहणारी स्त्री. कालिदास उज्जयिनीला जातो. त्याचे ग्रंथ गावापर्यंत पोहोचतात, तो पोहोचत नाही. दुसऱ्याने आधीच उच्चारलेल्या शब्दांच्या आधाराने ती जगते. संवादाच्या समतल लयीत सबनीस यांचे स्थिर शरीर आणि मंद हालचाली पाहताना जाणवते, की ही नटी भाव दडवीत नाही. शब्दाचा परिणाम अंगावर येईपर्यंतचा अवधी ती जपते. ‘उसकी रोटी’मधील गरिमा यांची बालोही वाट पाहणारीच, पण तिच्यापाशी भाकरीचे काम आहे, चालण्याचा रस्ता आहे. मल्लिकेपाशी एक घर आणि बाहेरचा पाऊस.

पद्धत एकच असली, तरी ती सर्वांना सारखी मानवलेली नाही. ओम शिवपुरी यांच्या विलोमाचे बोलणे हेच त्याचे शस्त्र. ते शरीरापासून सुटे होताच त्याची धार कमी होते, असे मला वाटते. कालिदासाची दुविधाही काही ठिकाणी केवळ मुद्रा होऊन राहते. मल्लिकेच्या बाबतीत मात्र पद्धत आणि पात्र यांत फट उरत नाही. याचे श्रेय एकट्या पद्धतीला देता येत नाही, कारण पद्धत तिघांनाही समानच होती.

स्त्रीवादी वाचनाच्या दृष्टीने प्रश्न अधिक टोकदार होतो तो तिसऱ्या अंकाच्या आशयाशी. मल्लिकेने कालिदासासाठी कोरी पाने शिवून ठेवली आहेत. त्यावरील डाग, नखांच्या खुणा, सुकलेल्या पाकळ्या पाहून तो त्यांनाच महाकाव्य ठरवतो. म्हणजे तिचे भोगणेसुद्धा त्याच्या वाचनामुळेच ‘संहिता’ होते. ती लिहिणारी नव्हे, जिच्यावर लिहिले गेले ती. राकेश यांना हा उपरोध कितपत अभिप्रेत होता, याविषयी दुमत संभवते. रंगमंचावर आसवांनी हा प्रसंग सहज भिजतो आणि मग कालिदासाचे वाचन खरेच वाटू लागते. सबनीस यांच्या संयमामुळे ते तसे खरे ठरत नाही. पानांवर त्याला जे दिसते, ते तिच्या चेहऱ्यावर त्याला सापडत नाही. आतून मूल रडते तेव्हा ती उठून जाते. आणि ती परतण्यापूर्वी तो निघून गेलेला असतो.